सव्विसाव्या भागात सोडलेला माणूस

माझ्या पायाला लहानपणापासून भिंगरी आहे, पण ती कुठे नेत नाही, अंगणातल्या अंगणात फिरवते. बहुधा म्हणूनच मला ते जहाज सुचलं. एका अ‍ॅपसाठी मी ऐकायची मालिका लिहितो. तिच्यातलं प्रायोगिक अवकाशजहाज काळातही जातं आणि अंतराळातही, फक्त कुठे आणि कोणत्या साली उतरेल याचा नेम नसतो. सौंदडजवळच्या आमच्या घरात बसून मी दर आठवड्याला ते कुठेतरी नेऊन आदळतो.

यंदा चिखलणीच्या दिवशी असाच एक भाग लिहीत होतो. ट्रॅक्टर बांधीत, म्हणजे धानाच्या खाचरात, रुतला होता आणि मोठा भाऊ हाका मारत होता. मला ऐकू येत होत्या. एवढं पान संपवून जाऊ म्हटलं, तर पानामागून पान निघत गेलं. तासाभराने तो चिखलाने माखलेला दारात उभा राहिला.

"काऊन बसून राहिला बे? कान फुटले का तुहे?"

मीही चिडलो. म्हणालो, "तुले चिखलात जलम घालवायचा तर घाल, मले कायले ओढतं?"

तो तसाच वळून बांधीकडे निघून गेला. शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं. चौथ्या दिवशी तो नागपूर-रायपूर रस्त्यावरच्या एका ट्रकवर ड्रायव्हर म्हणून निघून गेला, आणि रोवणी वहिनीच्या नि माझ्या गळ्यात पडली.

बायका रोवायच्या, मी पऱ्ह्यांच्या, म्हणजे धानाच्या रोपांच्या, पेंढ्या फेकायचो, त्याही वाकड्या. बायका हसायच्या, माझा भावावरचा राग वाढायचा. त्या रागात सव्विसावा भाग लिहिला. जहाजाचा चालक एका ओसाड ग्रहावर इंजिन बघायला उतरतो आणि जहाज त्याला तिथेच टाकून तीनशे वर्षं पुढे निघून जातं. लिहून झाल्यावर बरं वाटलं, खोटं कशाला बोलू?

तो भाग बायकांनी रोवता रोवता, बांधीच्या धुऱ्यावर मोबाइल ठेवून ऐकला. वहिनी कंबर सरळ करून माझ्याकडे बघत राहिली.

"भाऊजी, हे तर आपल्या घरचेच होत."

जहाज सुरू करण्याआधी चालक स्टिअरिंगवर दोनदा थाप मारतो आणि म्हणतो, 'चाल वो माय.' ट्रॅक्टरवर बसताना भाऊ हेच करतो. लिहिताना माझ्या लक्षातही आलं नव्हतं.

त्यानंतर चैन पडेना. मोटारसायकल काढून सडक अर्जुनीच्या ढाब्यावर जायचो. चहाचा एक घोट घ्यायचा, उठायचं, रस्त्यापर्यंत जायचं, परत यायचं. ढाबेवाला वैतागून म्हणाला, "भैया, बैठ जाओ ना एक जगह." भावाचा ट्रक आठवड्यातून दोनदा इथूनच जात होता. घर तिथून फार लांब नाही, तरी तो वळत नव्हता. सत्ताविसावा भाग मी तीनदा लिहिला. प्रत्येक वेळी जहाज त्या ग्रहावर पोचायचं, पण चालक म्हातारा झालेला असायचा, किंवा नसायचाच.

शेवटी एका दुपारी वहिनी तांदूळ पाखडत होती, तेव्हा तिला म्हणालो, "वहिनी, पुढच्या भागात आनतो त्याले परत."

सूप न थांबवता ती म्हणाली, "जहाज कायले पाठवता? फोन करा ना. माह्याशी तर रोज बोलतेत. तुमचाच फोन येत नाही म्हनतेत." मग सूप खाली ठेवून म्हणाली, "ट्रकमंदी तुमची मालिका ऐकतेत बी. मले सोडून देल्लं त्यानं, म्हनत होते."

काखेत कळसा नि गावाला वळसा म्हणतात. मी तर तीनशे वर्षांचा वळसा घातला होता, आणि फोन खिशात होता. मला स्वतःची लाज वाटली. तिथेच, तिच्यासमोर नंबर लावला. पहिल्याच रिंगला त्याने उचलला.

"दादा, चुकलं माहं."

पलीकडे ट्रकची घरघर थांबली. मग तो म्हणाला, "खायले तरी ठेवाचं होतं ना बे तिथं. सारं ओसाड."

मला हसू फुटलं आणि डोळेही भरले. वहिनी सूप घेऊन आत गेली.

"परवा दुपारी येऊन राहिलो," तो म्हणाला. "जहाज नको पाठवू, तुह्या जहाजाचा भरोसा नाही. मोटारसायकल घेऊन फाट्यावर उभा राय."

तिसऱ्या दिवशी सकाळी सातलाच मी फाट्यावर जाऊन उभा राहिलो.