तांब्या डावीकडे गेला

मुलांनो, यंदाच्या पार्सलात बिबडे थोडेच आहेत. तुमची आई विचारील, त्याआधी मीच सांगते. त्या दिवशी आपलं बोलणं तुटलं ते रेंज गेल्यामुळे नव्हे. फोन मी बंद केला होता.

आमच्या अमळनेरच्या गल्लीत उन्हाळ्यात ज्वारीचे हे पापड बायका एकमेकींकडे पाळीपाळीने करतात. माझे आधीच वाळून डब्यात गेले होते. त्या दिवशी पाळी शेजारच्या अक्कांची. त्यांचे बिबडे सुरतेला, लेकीकडे जायचे होते. आमची गच्ची मोठी, म्हणून बिबडे घालायच्या, कापड अंथरलेल्या खाटा तिथे. ओले बिबडे नुकतेच घातले होते आणि बायका खाली चहाला गेल्या होत्या. राखण माझ्याकडे.

तेवढ्यात तुमचा व्हिडिओ कॉल आला. शाळेत शिकवायचे ती वर्तुळाकार गती दाखवायला मी तांब्यात पाणी घेऊन, दोरीने बांधून, वरखाली गरगर फिरवला. थेंब सांडला नाही. तुम्ही टाळ्या वाजवल्यात आणि मला चेव चढला.

"आजी, दोरी सोडलीस तर?"

"हातापासून सरळ बाहेर जाईल," मी ठामपणे म्हणाले. खाटा डाव्या हाताला होत्या, समोरचा कोपरा रिकामा होता. तांब्या डोक्यावर आडवा फिरवत, तो बरोबर समोर आल्यावर मी दोरी सोडली.

तो डावीकडे गेला. खाटेवर आदळला, कापड घसरलं, पाणी पसरलं आणि ओल्या बिबड्यांचा लगदा झाला. मी फोन बंद केला.

आवाजाने अक्का वर आल्या. "माय वं! बठ्ठं गयं!" सगळं गेलंच होतं. मागून दुसरी म्हणाली, "मास्तरीणबाई, कावळा हाकलाले खडा पुरतस, तांब्या कसाले?" सगळ्या हसल्या. अक्का हसल्या नाहीत. त्या खाली बसून, एखादा तरी शाबूत निघतो का ते बघत राहिल्या.

संध्याकाळी मी मोज्यात कांदा घालून मोकळ्या मैदानात पुन्हा पुन्हा फिरवून सोडला. दर वेळी तेच. बाहेर ओढणारं काही नसतंच. दोरी तांब्याला सतत हाताकडे, आत ओढते, म्हणून तो वळत राहतो. ती ओढ संपली की त्या क्षणी ज्या दिशेने धावत असेल तिकडेच तो सरळ जातो. समोर असताना माझा तांब्या डावीकडे धावत होता. तुम्हाला मी चुकीचं सांगितलं होतं.

मग मी माझा डबा अक्कांच्या दारात नेऊन ठेवला. त्यांनी झाकण उघडलं, बरेचसे काढून घेतले आणि डबा परत दिला. "इतला पोरेसले ऱ्हाऊ द्या."

तेच तुमच्याकडे येत आहेत. तांब्याला पोचा आला आहे, पण तो गळत नाही.