जहाज वाढवलं

माझ्या थोरल्या भावाला दुपारची झोप लागते ती पंख्याच्या घरघरीवर, आणि वीज गेली की तो ताडकन उठून बसतो. बाकीच्यांना आवाजानं जाग येते, याला आवाज थांबल्यानं येते. जिथून जहाज हाकतात त्या जागेला लागूनच कप्तानाची एक छोटी खोली असते म्हणे. नौदलात कप्तान असताना तिथं तो दीड वर्ष झोपला. इंजिनाचा सूर जरा बदलला की पाय बुटात. आता आमच्या गावात वीज दिवसातून चारदा जाते, म्हणजे चारदा आमचं इंजिन बंद पडतं आणि साठी उलटलेला हा माणूस अंगणात येऊन चारी दिशांना बघत उभा राहतो. मग वीज येते. तो काही परत झोपत नाही, आणि त्याच्या पायांच्या आवाजानं मीही नाही.

मी कळंबच्या शाळेत मराठी शिकवून निवृत्त झाले. आईचं खुब्याचं हाड मोडलं तेव्हा घर सुनेच्या हवाली करून जळकोटजवळच्या आमच्या गावी, माहेरी, येऊन राहिले. दादा माझ्या आधीच तिथं आलेला होता. वहिनी पुण्यात लेकीकडं नातवंडांत रमल्या होत्या, आणि याचा तिसऱ्या मजल्यावर जीव घुसमटत होता. गावात तरी त्याला स्वस्थता कुठं होती? विहिरीपासून बांधावरच्या बाभळीपर्यंत आपलं जहाज बरोबर मावतं, हे त्यानं आल्याआल्याच पावलांनी मोजून ठेवलं होतं. रोज सकाळ-संध्याकाळ तो तेवढंच अंतर चालायचा. बाभळीच्या पुढं एक पाऊल टाकायचा नाही. पुढं समुद्र ना.

नौदलात त्यानं तीस-बत्तीस वर्षं काढली, पण त्यातलं दीड वर्षच त्याच्या अंगात राहिलं. त्या दीड वर्षात तो एका विनाशिकेचा कप्तान होता. लांबलचक, वेगानं धावणारी, तोफा आणि क्षेपणास्त्रं घेऊन ताफ्याच्या पुढं जाणारी युद्धनौका. तीनशे माणसं तिच्यावर, आणि त्या सगळ्यांच्या बऱ्या-वाइटाचा धनी हा एकटा. पुढं दिल्लीत टेबलं सांभाळली, वरची पायरी काही मिळाली नाही, आणि तो घरी आला. गावाला याचं फार अप्रूप होतं असंही नाही. गावात आणखी एक कॅप्टन आहेत. पायदळात शिपाई म्हणून लागले आणि निवृत्त होताना मानाचे कॅप्टन झाले. गावाच्या लेखी दोघं सारखेच, उलट त्यांनी बर्फात दिवस काढलेले, त्यामुळं पारावर शब्द त्यांचा चालायचा. आपलं पद त्यांच्या कितीतरी वरचं होतं हे दादानं कधी कुणाला सांगितलं नाही. मलाच राहवायचं नाही, मी सांगायला जायचे, तर तो डोळ्यांनीच गप्प करायचा.

आईला मात्र त्या जहाजाशी एक भांडण होतं, शब्दाचं. दादाकडं जहाज आलं तेव्हा जिल्ह्याच्या पेपरात बातमी आली होती, फोटोसकट. बाबांनी कात्रण चौकटीत बसवायला दिलं. आईनं मला बातमी वाचायला लावली आणि 'विनाशिका' म्हटल्याबरोबर हात वर केला. "ह्यो शब्द भित्तीला नगं. घरावर इनाश कशाला टांगून ठिवायचा?" शेवटी चौकटवाल्यानं बातमी कापून नुसता फोटो बसवला. तेव्हापासून आमच्या घरात ती 'थोरल्याची बोट' झाली.

आईचं सगळं असंच. तिच्या तोंडून काही फुटत नाही, तुटत नाही. बांगडी ती वाढवते, नारळ वाढवते. तशी ही रीत एकट्या तिची नाही, जळकोटच्या नाक्यावरचा दुकानदारसुद्धा संध्याकाळी दुकान वाढवतोच. पण दादाला आईची थट्टा केल्याशिवाय चैन पडायचं नाही. "फुटली तर फुटली म्हण की, आई. आमच्याकडं एक शब्द इकडचा तिकडं झाला तर माणसं जातात." जहाजावर हुकूम ऐकला की तोच शब्दाला शब्द परत म्हणून दाखवायचा असतो, म्हणजे ऐकण्यात चूक झाली नाही हे कळतं. ही सवय त्यानं घरीही आणली. "मोटार चालू कर," म्हणायचा आणि मी उठून बटण दाबलं तरी तसाच बघत राहायचा. मी "मोटार चालू करते," असं म्हणायला हवं होतं. मी कधीच म्हटलं नाही. बत्तीस वर्षं वर्गातल्या पोरांकडून वाक्यं म्हणवून घेतली होती, आता या वयात मला कोण म्हणायला लावतो ते बघते, असा माझा हेका.

खरं सांगायचं तर हेका मोटारीचा नव्हताच. बाबा गेले तेव्हा दादा त्या विनाशिकेवर होता. त्याच्या कचेरीत फोन गेला, निरोप जहाजावर पोचला असं उलट उत्तरही आलं. आम्ही वाट पाहिली, मग चुलतभावानं अग्नी दिला. आईचं मंगळसूत्र वाढवलं तेव्हा तिचे हात धरायला मी एकटी होते. दादा आला तो चौदाव्या दिवशी. तेरावा उरकून पाहुणे पांगले होते. मातीवरून येणाऱ्याला दारात थांबवतात, डोक्यावरून पाणी घालतात, तसं काही करायचं कुणाला सुचलंही नाही. तो सरळ घरात आला आणि आईजवळ बसला. "समुद्रावर होतो," एवढंच म्हणाला. मी ते वाक्य गिळलं, पण पचलं नाही.

गेल्या हिवाळ्यात त्याच्या फोनवर निमंत्रण आलं. त्याचं जहाज झेंडा उतरवून सेवेतून निवृत्त होणार होतं, आणि ज्यांनी ज्यांनी ते चालवलं त्या सगळ्या कप्तानांना मुंबईला बोलावलं होतं. त्यानं फोन कोनाड्यात पालथा ठेवला. पुढचे आठ दिवस त्यानं विहीर ते बाभूळ अशा इतक्या फेऱ्या मारल्या की हरभऱ्यातून पायवाट पडली. जेवताना उठायचा. आईच्या खोलीत जाऊन तिचं पांघरूण नीट करून यायचा, ते नीटच असायचं. मी म्हटलं, याचा एकदाचा निकाल लागू दे, नाहीतर मीच चालायला लागेन.

नवव्या दिवशी मी तुरीच्या शेंगा सोलत बसले होते. तो दाराच्या चौकटीत येऊन उभा राहिला. "मी चार दिवस नसलो तर आईला उचलायला तुझ्या जोडीला कोण?"

"कुणी कशाला पाहिजे? बाबांनाही मीच उचललं होतं."

तो थांबला. मला थांबता आलं नाही. "बापाच्या मातीला यायला जमलं नाही, बोटीच्या मातीला जायला बरं जमतंय."

बोलून झालं आणि हातातली शेंग तशीच राहिली. मला वाटलं, आता हा पाठ फिरवून बाभळीकडं जाईल. तो खाली बसला, माझ्यासमोर, जमिनीवर. गुडघे कुरकुरतात त्याचे, बसायला वेळ लागला.

"हेलिकॉप्टर होतं जहाजावर," तो म्हणाला. "निरोप आला तेव्हा किनारा टप्प्यात होता. मागितलं असतं तर मिळालं असतं. दुसऱ्या दिवशी घरी पोचलो असतो."

"मग?"

"चार दिवस आधी एका खलाशाची आई गेली होती. तो माझ्यापुढं उभा राहिला. तेव्हा आम्ही लांब होतो, काम अर्धवट होतं. मी त्याला नाही म्हणालो. तो शब्दाला शब्द परत म्हणाला, 'जाता येणार नाही, सर,' आणि कामाला लागला." त्यानं एक शेंग उचलली आणि तशीच खाली ठेवली. "मग मी स्वतःसाठी कुठल्या तोंडानं मागू?"

मला भयंकर राग आला. एका अनोळखी पोराच्या आईपायी माझे बाबा चुलतभावाच्या हातून गेले, आणि हे मला इतक्या वर्षांनी, शेंगा सोलताना कळत होतं. त्याहून राग याचा आला की आता रागावताही येईना. ज्याच्यावर मी रुसून बसले होते तो माणूस हा नव्हताच.

"हे तेव्हाच का नाही सांगितलंस?"

"सांगितलं असतं तर सबब झाली असती."

आतून आईचा आवाज आला. हाड मोडलेलं, पण कान शाबूत. "त्या पोराची माय म्हातारी हुती का रं?"

"व्हय, आई," तो म्हणाला. इतक्या वर्षांत मी त्याच्या तोंडून 'व्हय' ऐकलं नव्हतं.

आत खाट करकरली. मग ती म्हणाली, "बोटीला भेटून ये जा. हितं मी काय पळून जात न्हाय."

तो उठून आत गेला, तिच्या पायांना हात लावला. "जातो मग," म्हणाला. आईनं त्याचं मनगट धरलं. "येतो म्हन." कधी नव्हे ते त्यानं वाद घातला नाही, "येतो," म्हणाला. नाक्यावरून सोलापूरची एसटी धरली आणि गेला. ते चार दिवस वीज गेली तरी अंगणात कुणी येत नव्हतं. घर शांत झालं तर मला बरं वाटेल अशी माझी समजूत होती. कसलं काय, पंखा थांबला की मीच उठून बसायला लागले.

पाचव्या दिवशी ऊन वर आल्यावर तो आला. आईची खाट आम्ही ओसरीवर आणली होती, दाराशी, तिला रस्ता दिसावा म्हणून. दादाच्या हातात बॅग होती आणि अंगावर तोच निळा कोट, चार दिवसांच्या चुण्यांसकट. एरवी प्रवासाहून आला की गाडी कुठं किती मिनिटं थांबली इथपासून सगळं ऐकवायचा. आज पायरीखालीच उभा राहिला.

"आई," तो म्हणाला, "जहाज वाढवलं."

क्षणभर मला वाटलं, मोठं केलं. आणखी लांब केलं असेल, नवी यंत्रं बसवली असतील. बोटीची माती म्हणून टोमणा मारणारी, जन्मभर मराठी शिकवणारी मी, आणि माझ्या डोक्यात हे आलं. अडाणी आईला कळायला क्षणही लागला नाही. तिनं उशीवरून मान उचलली.

"झेंडा उतरीवला?"

"उतरवला. मावळतीला. सगळे बघत होते."

"थांब मग तितंच," आई म्हणाली. "मातीवरनं आलायस. डोईवरनं पानी घे, मग घरात ये." आणि माझ्याकडं वळली. "पानी काढ त्येला."

"पाणी काढते," मी म्हणाले.

दादानं चमकून माझ्याकडं पाहिलं. मी हौदाशी जाऊन बादली भरली. त्यानं कोट काढून बॅगेवर ठेवला आणि अंगणातल्या धुण्याच्या दगडावर शर्टासकट बसला. आमच्या इकडं हिवाळ्यातलं हौदाचं पाणी दुपारीसुद्धा हाडात शिरतं. पहिला तांब्या डोक्यावर ओतला तेव्हा तो हलला नाही. तिसऱ्या-चौथ्याला खांदे हलायला लागले. थंडीनं असतील म्हणून मी ओतत राहिले, मग कळलं की थंडीनं नाही, तरी ओतत राहिले. माझेही डोळे गळत होते आणि ते लपवायची गरज वाटली नाही. बादली संपली.

"झाली का?" आईनं खाटेवरून विचारलं.

"झाली."

"आनी एक घाल. तुमच्या बाबाची ऱ्हायलीया."

त्यानं मान वर केली नाही. मी रिकामी बादली उचलली.

"आणखी एक घालते," मी म्हणाले.