एका किलोचा खटला

चंपाबाई तोंडानं भारी फटकळ. सांगलीजवळच्या त्यांच्या गावात कुणी जैन मंदिरात पूजेला उशिरा आलं, की उपाध्यांच्या आधी ह्याच बोलायच्या. नवरा गेल्यावर दोन एकरांतल्या हळदीवर त्यांनी लेकाला, श्रेणिकला, बी.ए. केलं. बाईंनी भाद्रपदातलं अनंताचं व्रत धरलेलं. चौदा वर्षं पाळायचं, मध्येच मोडलं की पुन्हा पहिल्यापासून. दशलक्षण पर्वाचे शेवटचे तीन दिवस, बारस ते चौदस, बाई अन्नाचा कण घ्यायच्या नाहीत. श्रेणिकनं व्रतबित काही धरलं नव्हतं, पण आई उपाशी असली की त्याच्या घशाखाली घास उतरायचा नाही. "काय गुणाचं पोरगं!" असं लोक म्हणायचे आणि बाई मनातून सुखावायच्या. त्याच सुखानं घात केला बघा.

त्र्याण्णव साली एका सरकारी महामंडळाच्या गोदामावर पहारेकऱ्यांची भरती निघाली. श्रेणिक लेखी परीक्षेत पास झाला, धावण्यात पहिला आला. राहिली डॉक्टरी तपासणी, आणि ती नेमकी पर्वाच्या तेरशीला! उपाशी पोरगा काट्यावर उभा राहिला आणि पन्नास किलोच्या अटीला एक किलो कमी भरला. अपात्र! घरात उपास चाललाय, एवढं सांगायलाही त्या येड्याला संकोच वाटला.

चंपाबाईंनी कपाळावर हात मारून घेतला. "माझ्या उपासानं तुझी नोकरी खाल्ली रं!"

"तसं काय न्हाई, आई," तो म्हणाला. पण बाईंच्या जिवाला ते लागलं ते लागलंच.

सांगलीच्या वकिलांनी मुंबईला हायकोर्टात अर्ज लावला. म्हणणं सरळ होतं. एक किलो कमी म्हणजे रोग नव्हे, फेरतपासणी न देता पोराला घरी कसं बसवता? कोर्टानं एक जागा राखून ठेवायला लावली आणि मग तारखांमागून तारखा सुरू झाल्या. श्रेणिक मार्केट यार्डात हळदीची पोती उचलू लागला. काळजीनं अंगाला काही लागत नव्हतं. सोयरीक आणणारे "केसचं काय झालं?" असं विचारायचे आणि चहा पिऊन निघून जायचे.

तीन वर्षांनी निकाल लागला. महिन्याच्या आत पुन्हा तपासा, वजनात बसला तर कामावर घ्या. "ही एकच संधी बरं का," वकिलांनी बजावलं. महामंडळानं तारीख कळवली. बाईंनी कॅलेंडर बघितलं. पुन्हा पर्वाचीच तेरस! वर व्रताचं हे चौदावं वर्ष. तारीख बदलून मागितली, तर पोरगाच टाळतोय म्हणतील, असं वकिलांचं मत पडलं.

"ह्या बारीला तू जेवायचं. माझी शपथ हाय," बाईंनी दम भरला.

"जेवतो की."

तेरशीच्या सकाळी म्हशीच्या घमेल्यात त्यांना आदल्या दिवशी त्याला वाढलेल्या पोळ्या सापडल्या. बाईंनी केळी आणि दुधाची किटली पिशवीत घातली आणि त्याच्याबरोबर तडक सांगलीची एस.टी. धरली.

सरकारी दवाखान्याच्या पायरीवर त्यांनी केळी पुढं केली. "खा."

"तू?"

"माझं व्रत हाय."

"मग मला भूक न्हाई."

त्यांनी शिव्या दिल्या, गयावया केली. पोरगा केळ्याला हात लावेना. आत नावं पुकारायला सुरुवात झाली. बाईंना रडू फुटलं. त्यांनी एक केळं सोललं आणि त्याच्यादेखत मोठा घास घेतला.

"आई! अगं, चौदावं वर्ष!"

"गप. मी खाल्लं. आता तू खा."

मायलेकरं रडत रडत केळी खात होती आणि येणारेजाणारे बघत होते. किटलीतलं दूध त्यानं एका दमात संपवलं. काटा पन्नासच्या पुढं गेला. जेमतेम, पण गेला. डॉक्टरांनी सही केली. श्रेणिक नोकरीला लागला!

दुसऱ्या दिवशी बाई मंदिरात गेल्या आणि सगळ्यांसमोर आपणहून सगळं सांगून मोकळ्या झाल्या. उपाध्ये हळहळले. "चंपाबाई, प्रायश्चित्त घ्यावं लागंल. व्रतही पुन्हा पहिल्यापासून."

साठीला टेकलेल्या बाईंनी पदर सावरला. "धरते की पहिल्यापासून. आवं, जगले तर पुरं करीन. पर पस्तावा झाला म्हणा, असं तेवढं सांगू नका. त्यो मला झाला न्हाई."