भुजंगप्रयात दाखवणारे सुधाकरभाऊ

सुधाकरभाऊ आज सकाळी गेले.
नाही, साप चावून नाही. चहा पिता पिता हार्ट अटॅक.

कोराडीच्या वीज केंद्रात फिटर होते. कॉलनीत कुठेही साप निघाला की फोन त्यांनाच.

सहा वर्षांपूर्वी माझ्या वर्गात धामण शिरली. पोरं बेंचवर, मीही खुर्चीवर. आमचे शिपाईकाका काठी घेऊन धावले, तेवढ्यात फोनवरून बोलावलेले सुधाकरभाऊ पोचले.

"मारू नका गा! धामण हाये, बिनविषारी."
दोन मिनिटांत ती सुधाकरभाऊंच्या पोत्यात.

मग त्यांचं लक्ष फळ्याकडे गेलं. मी वृत्त शिकवत होते.

"मॅडम, भुजंग म्हंजे साप ना? अन् प्रयात?"
"जाणं. चाल. सापाच्या चालीसारखं वृत्त, म्हणून भुजंगप्रयात."
"मंग तुमी सापाले चालताना पायलं का?"

नाही.
बारा वर्षं शिकवत होते. लघु-गुरू-गुरू, चार वेळा. पाठ.

"चला पोट्टेहो, पाहून घ्या."

शाळेमागच्या झुडपांपाशी, पोरांना लांब उभं करून त्यांनी पोतं मोकळं केलं.

"पाहा. एक छोटा झटका, अन् मंग लंबं लंबं सरकनं."

कुणीतरी हळूच म्हणालं, लघु, गुरू, गुरू. मग सगळा वर्गच. धामण गवतात दिसेनाशी झाली तरी पोरं म्हणतच होती.

हे नाव पहिल्यांदा कुणी दिलं, मला माहीत नाही. पण ज्याने दिलं तो असाच कुठेतरी उभा राहून नीट बघत असणार, हे त्या दिवशी पटलं.

पुढच्या आठवड्यात भाऊ स्टाफरूमच्या दारात.
"मॅडम, नववीत शाळा सोडली मी. मराठीतच गचकलो होतो. आता जमन का?"

बाहेरून दहावीला बसायचा सतरा नंबरचा फॉर्म भरला. शिफ्ट संपवून माझ्याकडे यायचे. पहिल्यांदा नापास. दुसऱ्यांदा, वयाच्या सत्तेचाळिसाव्या वर्षी, दहावी पास!

पण पेपरवर चिडलेले. "भुजंगप्रयात इचारलंच नाही ना जी! काहून नाही इचारलं?"

दुपारी त्यांच्या घरी गेले होते. वहिनी म्हणाल्या, "यायले बारावीचा बी फॉर्म भराचा होता, मॅडम. तुमाले सांगाले लाजत होते."

लाजायचं काय होतं हो, भाऊ?
मी शिकवलं असतं.

तुमच्या मॅडमचा शेवटचा नमस्कार.