चोर झाला की गोड

वसमतचा तो हळदीचा व्यापारी मला पहिल्यापासून पटत नाही, पण त्याच्याशिवाय आमचा खेळ रंगत नाही. रोज संध्याकाळी आम्ही पाच मित्र आपापल्या गावातून मोबाईलवर एकच लिंक उघडतो. खेळ आमच्यातल्या एकाला गुपचूप चोर करतो आणि बाकीच्यांनी बोलण्यावरून त्याला ओळखून त्याच्यावर मत टाकायचं. हा व्यापारी एरवी सारखा खेकसतो, "काहून येळ घालून राहिले रे? टाका मत!" पण स्वतः चोर झाला की आवाज एकदम मऊ होतो. प्रत्येकाला 'भाऊ' म्हणतो आणि मधेच विचारतो, "च्या झाला का?" ही खूण मी कुणाला सांगितलेली नाही.

परवा माझी हळद घेऊन त्याच्याच दुकानी गेलो. त्यानं पोत्यातलं हळकुंड उचलून मोडलं. चांगलं वाळलेलं होतं, खट्‌कन वाजलं. आता हा नेहमीसारखा खेकसेल म्हणून मी थांबलो.

"भाऊ," तो हळूच म्हणाला, "माल जरा ओला हाय बघा. च्या झाला का?"

"झाला, भाऊ," मी म्हणालो आणि पोत्याचं तोंड पुन्हा शिवायला घेतलं.