जब्बारच्या घरची खुशाली

चार माणसं रोज एकत्र चहा प्यायली की किस्से आपोआप साठत जातात. त्यातले हसण्यासारखे कुठले, ते मात्र फार उशिरा कळतं.

कुवेतमधल्या मीना अब्दुल्लाच्या रिफायनरीत मी स्टोअरकीपर होतो. मूळचा रत्नागिरीचा. समोरच्या टेबलावर टायपिस्ट जब्बार, इराकमधल्या बसऱ्याचा. त्याच्या देशात लष्कराची सत्ता आलेली, भिंतीभिंतीवर युनिफॉर्ममधल्या पुढाऱ्याचा फोटो, आणि आई, बहीण तिकडेच.

एकदा मुंबईचा जुना पेपर वाचताना मी आमच्या एका मंत्र्याला मोठ्याने शिव्या घातल्या. जब्बार उठला आणि दार लावून आला.

"अरे, इथे मराठी कोणाला कळतंय?"

"मलाही कळत नाही," तो म्हणाला, "पण तुझ्या आवाजावरून कळलं."

त्याच्या आईचं पत्र यायचं ते तीन ओळींचं. सगळे ठीक, हवा छान, अल्लाची मेहेरबानी. एकदा पानभर नुसती हवाच आली. दिवसभर जब्बारचं टायपिंग चुकत होतं. संध्याकाळी म्हणाला, "घरातल्या कुणाला तरी उचललंय."

महिन्याने कळलं. त्याच्या मामाला नेलं होतं.

बहिणीच्या लग्नाला तो गावी गेला. पाहुणे जमवायला पोलिसांची परवानगी लागायची. अधिकाऱ्याने विचारलं, "भाषण कोण करणार?"

"साहेब, लग्नात भाषण कशाला?"

"मग एवढी माणसं कशाला?"

शेवटी नवरा-नवरीसकट अकरा जणांत लग्न लागलं.

एकसष्टच्या उन्हाळ्यात बगदाद रेडिओने सांगितलं, कुवेत आमचंच आहे. फौजा येणार म्हणून बाजारात घबराट. माझ्या बायकोने ट्रंका भरल्या. जब्बार हळूच म्हणाला, "दाऊदभाई, मुंबईच्या बोटीत एक जागा माझ्यासाठीही बघ."

"तुला कसली भीती? ते तर तुझ्याच गावचे."

"म्हणूनच म्हणतोय."

फौजा आल्या नाहीत. पुढे खूप खटपटी करून जब्बारने आईला महिनाभरासाठी कुवेतला आणलं. आम्ही तिला जेवायला बोलावलं. दारातून आत येताच तिची नजर भिंतीवरच्या फोटोवर गेली. बोटीवरच्या युनिफॉर्ममधले, पितळी बटणांचे माझे वडील. तिने छातीवर हात ठेवला आणि खणखणीत आवाजात म्हणाली, "अल्ला यांना उदंड आयुष्य देवो."

मी म्हटलं, "खाला, हे माझे वडील. बोटीवर सारंग होते. वारून सहा वर्षं झाली."

तिने उघड्या खिडकीकडे पाहिलं. मग तेच वाक्य पुन्हा म्हणाली, जरा आणखी मोठ्याने.