बाहेरची कडी

मानाच्या आसनावर बसवून कुणी तुम्हाला कधी कोंडलं आहे का?

आयर्लंडमधल्या आमच्या गावच्या कॅथेड्रलमध्ये मी ते पाहिलं. तिथे बिशपच्या खालोखाल मान आर्चडीकनचा. पूर्वी ते घोड्यावरून गावोगाव फिरत, चर्चची गळकी छपरं तपासत, पाद्र्यांना जाब विचारत. पुढे घोडा गेला आणि कोरीव लाकडी आसन उरलं. नव्या आर्चडीकनला त्यात बसवायचं, आसनाच्या पुढच्या अर्ध्या दाराला बाहेरून कडी घालायची, आणि प्रार्थना संपवून सेवक ती काढेपर्यंत त्यांनी उठायचं नाही, अशी इथली प्रथा.

परवा पहिल्यांदाच तिथे एक बाई बसल्या. आसन उंच पुरुषांच्या मापाचं. त्यांचे पाय लोंबकळत राहिले.

"पाट आणू, बाईसाहेब?" म्हातारा सेवक कुजबुजला. "आजवर कुणाची तक्रार नव्हती."

"त्या सगळ्यांचे पाय जमिनीला टेकत होते ना! पाट नको, कडी काढा. मला गावं फिरायची आहेत."

"प्रार्थना संपू द्या."

त्यांनी दारावरून वाकून हात घातला. तो कडीपर्यंत पोचेना.

एखाद्याच्या हातातलं काम काढून घ्यायचं असलं की माणसं आधी मान देतात. तुम्ही कुणाला मानाने बसवाल, तेव्हा कडी आतल्या बाजूला लावा.